एक तृतीयांश काना

बिभीषण हे नाव आमच्याकडे कुणाला खटकत नाही. पाथर्डीच्या एसटीत चढा, अर्धं रामायण बसलेलं सापडेल. अंगद खिडकीशी, बिभीषण दाराजवळ, आणि जागा नाही म्हणून उभा असलेला एखादा श्रीमंत नावाचा माणूस. पुण्याकडच्या माणसांना मात्र हसू येतं. घरभेद्याचं नाव पोराला कोण ठेवतं? बिभीषणदादाच्या आईला, झुंबरबाईंना, एका पाहुण्यानं हे विचारलंही होतं. "रामाच्या बाजूचा हुता न्हवं?" त्या म्हणाल्या. "मग झालं की."

आणि गंमत पाहा. रावणाच्या बेंबीतलं गुपित ज्यानं फोडलं त्याचं नाव लावून आमचा बिभीषणदादा पोट भरतो ते लोकांची गुपितं कुलपात ठेवून.

नगरजवळच्या नागापूरच्या एमआयडीसीत एका वेल्डिंगच्या गाळ्यावर त्याचं दुकान आहे. खाली ठिणग्या उडतात, वर हा वेबसाइट बनवतो. आधी तो एका कारखान्यात लोखंड कातायच्या लेथवर होता. जेवणाच्या सुट्टीत मोबाईलवर व्हिडिओ बघत बघत हे शिकला. लेथ सुटला, पण लेथची सवय सुटली नाही. अजूनही की-बोर्डला हात लावण्याआधी तो खिशातून चिंधी काढतो आणि स्वच्छ हात पुसून आणखी स्वच्छ करतो. काम अवघड असेल तर दोनदा. त्याच्या हातच्या साऱ्या वेबसाइट एकमेकींच्या सख्ख्या बहिणी वाटतात. वरती निळी पट्टी, तिच्याखाली सरकणारे फोटो, आणि कोपऱ्यात 'आपले हार्दिक स्वागत आहे'. मंगल कार्यालयाची असो की ड्रायव्हिंग स्कूलची, नाकडोळे तेच.

या बहिणींतली थोरली म्हणजे फिलोमिनाबाईंची 'काना'.

फिलोमिनाबाई त्याच्या शाळेतल्या मराठीच्या शिक्षिका. निवृत्त झाल्यावर त्यांनी ख्रिस्ती मुलामुलींची लग्नं जमवायला घेतली आणि मंडळाला नाव दिलं काना. येशूनं ज्या गावच्या लग्नात पाण्याचा द्राक्षारस केला, ते काना. बिभीषणदादाला हे कुणी सांगितलं नव्हतं. बाई मराठीच्या, तेव्हा हा काना म्हणजे अक्षरापुढचा काना, असं धरून त्यानं पहिल्या पानावर मोठ्या हौसेनं एक उभी रेघ काढून ठेवली होती. बाईंना वाटलं मेणबत्ती आहे. बरेच महिने दोघंही समाधानात होते.

स्थळांची माहिती शुद्ध मराठीत करून द्यायचं काम माझ्याकडे होतं. साहित्यात एम. ए. केलेल्या मुलीला आमच्याकडे असलीच कामं सुचवली जातात. 'मुलगा निर्व्यसनी व होतकरू' हे वाक्य मी इतक्यांदा दुरुस्त केलं आहे की खुद्द एखादा होतकरू मुलगा भेटला तर त्याच्यातही मी अनुस्वार शोधीन. त्यामुळे त्या आठवड्यात जे घडलं ते मी दुकानातल्या प्लास्टिकच्या खुर्चीवर बसून पाहिलं.

ज्या कंपनीच्या सर्व्हरवर या बहिणी राहत होत्या तिनं जुनं मशीन बंद करायचं ठरवलं. बिभीषणदादानं साऱ्यांचं बिऱ्हाड नव्या मशीनवर हलवलं. तिथं वेब फ्रेमवर्कही नवं घ्यावं लागलं. फ्रेमवर्क म्हणजे काय, हे त्यानं मला एकदा सांगितलं होतं. "तयार सांगाडा, ताई. खांब त्यांचे, भिंती आपल्या. दर बारीला खांब कोन उभं करीत बसनार?" धाकट्या बहिणी नव्या घरी निमूट नांदू लागल्या. थोरली रुसली. काना उघडायला गेलं की पांढरं पान आणि त्यावर लाल ओळ: सायफर आणि किल्लीची लांबी जुळत नाही.

बुधवारी दुपारी फिलोमिनाबाई जिना चढून वर आल्या. मागोमाग जेनिफर, त्यांच्याकडे नाव नोंदवलेली. ती शहरातल्या एका खाजगी दवाखान्यात नर्स आहे. ड्यूटीवरून तशीच आली होती, पायात पांढरे बूट.

"बिभीषण, माझं काना कुठंय?"

"जागेवरच हाय, बाई. फकस्त उघडत न्हाई."

"मग जागेवर असून काय उपयोग? रविवारी वधूवर मेळावा आहे. लोक मला विचारतायत, बाई, दुकान बंद केलं का?"

बिभीषणदादानं हात पुसले. इंटरनेटवर या लाल ओळीवर एकच औषध सांगितलं होतं: एक आज्ञा द्या, मशीन स्वतःच योग्य मापाची नवी किल्ली घडवतं. त्यानं आज्ञा दिली. पान उघडलं. निळी पट्टी आली, फोटो सरकू लागले, मेणबत्तीसुद्धा आली.

"बघ," बाई म्हणाल्या. "एवढ्याशासाठी सुतकी चेहरा करून बसला होतास."

जेनिफर शेजारच्या कॉम्प्युटरवर बसली आणि आपल्या खात्यात गेली. तिथं रॉबिनचं नाव होतं, तारीख होती, आणि निरोपाच्या चौकटीत लिहिलं होतं, 'हा मजकूर उघडता येत नाही'.

"हे काय आहे, दादा?"

दादाचा चेहरा पुन्हा पडला. बाईंचा नियम असा होता, की दोन्ही बाजूंचं पटेपर्यंत कुणाला कुणाचा फोन मिळायचा नाही. बोलायचं ते साइटवरच, आणि ते बोलणं कुलपात. खुद्द बाईंनाही दिसायचं नाही. नगरातल्या ख्रिस्ती वस्तीत एखाद्या मुलीनं चहा दिला तर रविवारपर्यंत केकची ऑर्डर जाते, म्हणून हा नियम. आता झालं होतं असं, की जुने निरोप जुन्या किल्लीनं बंद होते आणि दाराला नवी किल्ली लागली होती.

"जुनी किल्ली हरवली का?" जेनिफरनं विचारलं.

"न्हाई ओ, हाय की. पर नवा सांगाडा तिला हातच लावीना. लांबी चुकलीय म्हनतो."

"आणि नवीच ठेवली तर?"

"तर साइट चालती. जुनं समदं कायमचं बंद."

जेनिफर कोपरगावच्या साखर कारखान्यात प्रयोगशाळेत काम करणाऱ्या रॉबिनशी पावसाळ्यापासून साइटवर बोलत होती. तिचे वडील, याकोबकाका, अर्धांगानं अंथरुणाला खिळलेले. घरात दुसरं कुणी नाही. मागच्या आठवड्यात तिनं रॉबिनला सरळ विचारलं होतं, लग्नानंतर पप्पा माझ्याबरोबर राहतील, चालेल का? उत्तर आल्याची सूचना तिच्या मोबाईलवर आली, तेव्हा ती पेशंटला सलाईन लावत होती. ड्यूटी संपवून साइट उघडली तर लाल ओळ.

"एवढंच ना?" बाईंनी पर्समधून फोन काढला. "त्याची आत्या माझ्या ओळखीची आहे. आत्ता विचारते."

"नको, बाई."

"अगं, रविवारी तो समोर उभा राहणार!"

"म्हणूनच नको. तो समजणार मी वाचलंय. मी परत विचारलं तर तो परत उत्तर देईल. दुसऱ्यांदा विचारलं की माणूस विचार करून बोलतो. आत्या शेजारी असेल तर आणखीच विचार करून." तिनं बुटाच्या टोकाकडे पाहिलं. "मला त्याचं पहिलं उत्तर हवंय. नाही असलं तरी."

बाईंनी फोन पर्समध्ये ठेवला. ही घटना फार थोड्यांनी पाहिली असेल.

बिभीषणदादानं दुसऱ्यांदा हात पुसले. "शनवारपत्तुर बघतो, ताई."

नवी किल्ली त्यानं काढून ठेवली, जुनी परत लावली, आणि लाल ओळीशी झुंजायला बसला. सांगाड्याचं म्हणणं अगदी साधं होतं. सायफर म्हणजे कुलपाची जात, आणि किल्ली म्हणजे ते उघडणारी गुप्त अक्षरं. एका जातीला सोळा मापाची किल्ली लागते, दुसरीला बत्तीस. सतरा नाही, एकतीस नाही. त्यानं आधी कुलपाची जात बदलून पाहिली. लाल ओळ तशीच. मग तो बोटांच्या पेरांवर काहीतरी मोजू लागला. ओठ हलत होते, आवाज नव्हता.

"काय पुटपुटतोयस? मंत्र?" शुक्रवारी बाईंनी विचारलं. पाहायला म्हणून त्या आता रोजच येत होत्या.

"तसंच समजा, बाई."

"किल्ली काय आहे ती आम्हाला सांग तरी. तीन डोकी बरी."

"किल्ली कुनाला सांगायची नसती, बाई. तुमचाच नियम."

पुन्हा पेरं. बऱ्याच वेळानं त्याचा चेहरा उजळला. त्यानं काहीतरी टाइप केलं आणि खुर्चीत मागं रेलला. "सोळा भरली. बराबर सोळा." लाल ओळ आली. बिभीषणदादानं तिच्याकडे असं पाहिलं, जसं जावयाकडे पाहावं: बोलता येत नाही आणि सोसवतही नाही.

"बाई," तो शेवटी म्हणाला, "जोडाक्षर एक धरायचं का दोन?"

"छंदात एक. शब्द कुठला?"

तो चिंधी शोधू लागला.

"बिभीषण. शब्द?"

सातवीच्या वर्गात ज्या आवाजानं बाकं सरळ व्हायची तो आवाज अजून शाबूत होता. बिभीषणदादा उभा राहिला. खरंच उभा राहिला.

काना ही त्याची पहिली साइट. आमच्याकडे कोरी जागा दिसली की तिथं आधी देवाचं नाव पडतं. टेम्पोच्या काचेवर, पत्रिकेच्या माथ्यावर, लेथच्या पाठीवर. मढीच्या नाथांना मानणाऱ्या घरातला हा माणूस. सांगाड्यानं पहिल्याच पानावर किल्लीसाठी कोरी जागा दिली आणि खाली सूचना लिहिली, कुणाला ओळखता येणार नाही असं काहीतरी लांब लिहा. त्यानं चिंधीनं हात पुसले, चपला बाजूला काढल्या, आणि देवनागरीत लिहिलं: श्री कानिफनाथ प्रसन्न. आज सोळा भरावेत म्हणून त्यानं त्याचं 'श्री चैतन्य कानिफनाथ महाराज प्रसन्न' करून पाहिलं होतं. मीही पेरांवर मोजलं. खरंच सोळा अक्षरं भरतात.

फिलोमिनाबाई सावकाश खुर्चीवर बसल्या.

"म्हणजे इतकी वर्षं माझ्या पोरापोरींची सगळी बोलणी..."

"नाथांनी राखली, बाई." त्याचा आवाज अगदी बारीक झाला होता. "तुमाला सांगावं म्हनलं, पर सांगावं कसं?"

बाईंनी चष्मा काढला.

"कधी काही फुटलं का बाहेर?"

"एक अक्षर न्हाई."

"मग मान वर कर. माझ्या मंडळाच्या चिटणिसापेक्षा बरे आहेत तुझे नाथ." त्यांनी चष्मा पुसला. "आता सांग. ओळखता येणार नाही असं लिही म्हटलं होतं, आणि तू जे तालुक्यातल्या प्रत्येक टेम्पोवर लिहिलंय तेच लिहिलंस?"

"पर बाई, चर्चच्या कुलपाला ही किल्ली आसंल आसं कुनाला वाटलं आसतं?"

बाईंनी उगारलेलं बोट खाली घेतलं. हीही घटना थोड्यांनी पाहिली असेल.

जोडाक्षराच्या प्रश्नानंच मात्र कुलपाचं दार किलकिलं झालं. मशीन जोडाक्षर कसं मोजतं, हे पाहायला बिभीषणदादा बसला आणि उलगडत गेलं की ते आपल्यासारखं मोजतच नाही. आपल्याला 'श्री' हे एक अक्षर. मशीनला त्यात चार वस्तू दिसतात: श, त्याचा मोडलेला पाय, र, आणि वेलांटी. शिवाय इंग्रजी अक्षर एका घासात गिळणारं मशीन आपल्या प्रत्येक वस्तूचे तीन तुकडे करून खातं. या तुकड्यांना बाइट म्हणतात. सांगाड्याला बत्तीस म्हणजे असे बत्तीस तुकडे हवे होते. नाथांच्या तीन शब्दांचे, मधल्या मोकळ्या जागा धरून, एकोणसाठ भरत होते.

"लेथवर आसंच एकदा झालं हुतं," तो म्हणाला. "ड्रॉइंग इंचात आन माप मिलिमीटरमधी. आख्खा लॉट भंगारात."

"पण मग आधीचं मशीन इतकी वर्षं चालवून कसं घेत होतं?" मी विचारलं.

त्याचं उत्तर जुन्या सांगाड्याच्या पोटात होतं. तो मोठा सोशीक निघाला. किल्ली लांब असली की तो हवे तेवढे तुकडे घ्यायचा आणि उरलेले गुपचूप टाकून द्यायचा, कुणाला न कळवता. नव्याला ही लपवाछपवी मंजूर नव्हती. म्हणजे खरी जुनी किल्ली सबंध नव्हतीच. ती पहिल्या बत्तीस तुकड्यांची होती. बिभीषणदादानं पाठकोऱ्या कागदावर तुकडे मांडले आणि बत्तिसाव्यापाशी पेन्सिल थांबवली.

"श्री, मंग मोकळी जागा, मंग कानिफन. हितपत्तुर एकतीस. फुडं काना हाय, 'ना'चा. त्यातला येकच तुकडा बसतो."

"म्हणजे?" बाई.

"म्हंजी किल्ली हाय श्री कानिफन, आन तिसरा हिस्सा काना."

बाईंनी माझ्याकडे पाहिलं, मग त्याच्याकडे. "काना पुरता वरपासून खालपर्यंत ओढ, म्हणून मी तुझ्या हातावर पट्ट्या मारल्यात. अर्धा ओढायचास तू. आता मला तिसरा हिस्सा शिकवतोस?"

"तवा बी मशीनचंच ऐकत आसंन, बाई."

मी त्या कागदाकडे पाहत राहिले. काना म्हणजे आमच्या लिपीतली सर्वांत साधी रेघ. तिचे तीन भाग करता येतात, हे मला कुठल्याच व्याकरणानं सांगितलं नव्हतं. आणि बिभीषणदादानं दाखवलं की त्यातला पहिला भाग काना असो, वेलांटी असो, क असो की ज्ञ, मराठीतल्या प्रत्येक अक्षराचा सारखाच असतो. वेगळेपण सगळं पुढच्या दोन तुकड्यांत.

आता फक्त किल्ली कापायची होती. पण त्याचा हात की-बोर्डवर नुसताच राहिला. त्यानं चिंधी काढून पुन्हा हात पुसले. थोड्या वेळानं त्यानं आईला फोन लावला. झुंबरबाईंना फोनवर ओरडून बोलायची सवय, त्यामुळे स्पीकर लावायची गरज पडली नाही.

"आई, नाथांचं नाव मदीच तोडायला लागतंय गं. मशीनमधी मावंना."

"नाव मोटं हाय, तुजं मशीन बारकं हाय. त्यात नाथाचं काय गेलं? कशापायी तोडतूया?"

"एका पोरीचं लग्न अडलंय."

"तोड मग! इचारतोस काय?" आणि लगेच, "पोरगी कुनाची? आपल्यातली हाय का? तुज्या..."

"आई, ठेवतो."

बाई खिडकीबाहेर बघत होत्या. त्यांचे खांदे हलत होते.

शनिवारी दुपारी जेनिफर आली. बिभीषणदादानं साइट बंद ठेवून, बाजूला एक छोटा प्रोग्रॅम लिहून ठेवला होता: जुनी कापलेली किल्ली लावून एकेक निरोप उघडायचा आणि मशीननं घडवलेल्या नव्या बत्तीस बाइटच्या किल्लीनं तत्काळ पुन्हा बंद करायचा. मध्ये कुणाच्या नजरेला काही पडायचं नाही. किल्ली बसते की नाही, ते मशीन स्वतःच सांगत होतं, आणि बसत होती. पण आतलं मराठी धड आहे की त्याचे तुकडे उडालेत, हे माणसाच्या डोळ्यांनीच पाहावं लागणार होतं. त्यासाठी एक तरी निरोप उघडणं भाग होतं.

"तू बघून टाकायचास की एखादा," बाई म्हणाल्या.

"न्हाई जमनार, बाई." त्यानं प्रोग्रॅमला जेनिफरला आलेला तेवढा एकच निरोप सांगितला, मॉनिटर भिंतीकडे वळवला आणि खुर्ची तिच्यासाठी पुढं केली. "ताई, हितं बसा. मी भायेर जातो. मंग हे बटन दाबा."

तो गॅलरीत जाऊन उभा राहिला. रस्त्याकडे तोंड, पाठ आमच्याकडे. तरी भरवसा नको म्हणून डोळ्यांवर चिंधी धरली होती. खालचा वेल्डर वर बघून म्हणाला, "काय रं, ठिनगी गेली का डोळ्यात?"

जेनिफरनं बटण दाबलं. बाई आणि मी दाराशी होतो. तिथून फक्त तिचा चेहरा दिसत होता आणि त्यावर पडलेला पडद्याचा पांढरा उजेड. ती वाचत होती. बराच वेळ वाचत होती, किंवा एकच ओळ पुन्हा पुन्हा वाचत असेल.

"ताई," गॅलरीतून आवाज आला, "आक्षरं दिसत्यात का? का चौकोन चौकोन?"

"दिसतायत, दादा."

"काने, वेलांट्या समदं जागेवर?"

"सगळं जागेवर आहे."

"अगं पण काय लिहिलंय?" बाईंचा नियम बाईंनाच जड झाला होता. "हो का नाही?"

जेनिफरनं नाक ओढलं. ती हसत होती की रडत होती, हे त्या उजेडात नीट कळेना. "तो विचारतोय, पप्पांना मासे चालतात का. त्यांच्या घराजवळ गोदावरीचे ताजे मिळतात म्हणे."

"मासे?" बाई म्हणाल्या. "मी काय विचारतेय आणि हा काय..." आणि मग त्या थांबल्या.

"मी आत्ताच उत्तर लिहू का, दादा?"

बिभीषणदादा आत आला, डोळे अजून जमिनीकडे. "आत्ता न्हाई, ताई. बाकीचं समदं नव्या किल्लीनं बंद हुस्तवर काई लिहू नका. संध्याकाळी साइट चालू हुईल."

"संध्याकाळी?"

"त्यानं खाली काही दिलंय का?" बाईंनी अगदी सहज विचारल्यासारखं विचारलं.

"नंबर दिलाय."

बाईंनी आपल्या नियमाकडे, म्हणजे समोरच्या भिंतीकडे, पाहिलं. "मी कानानं जरा कमी ऐकते हल्ली," त्या म्हणाल्या.

जेनिफर उठली. जिन्यावर तिचे बूट वाजू लागले आणि मध्येच, अर्ध्या पायऱ्यांवर थांबले. वेल्डिंग चालू होतं, तरी तिचा आवाज वरपर्यंत आला.

"हॅलो, मी जेनिफर. हो, चालतात. पण काटे काढून द्यावे लागतात."